देवाच्या टोपातली रेस कंडिशन

भाविकने ते वाक्य चहाची बशी तोंडाला लावता लावता टाकलं, जसं कोणी म्हणावं की आज भाजीला भेंडी आणा.

"आई, हळदीला देवाचा टोप आक्काकाकीला करू दे."

हौसाबाईच्या हातातलं लसूण सोलायचं काम थांबलं नाही. तिच्या तोंडावर आजवर बरंच बोललं गेलं होतं. गाळा रिकामा करताना एका सुताच्या व्यापाऱ्याने शिव्या घातल्या होत्या, ट्रेलरवाल्यांनी हिंदीत आणि आणखी कुठल्या कुठल्या भाषेत तिचा उद्धार केला होता. त्यातलं काही तिला लागलं नव्हतं. हे लागलं. पोटचा पोर, त्यातून धाकटा, त्याच्या लग्नाची हळद, आणि देवाचा टोप जावेच्या हातात.

"का रं?"

"काही नाही ग. काकीच्या हाताची चव मला लहानपणापासून सवयीची आहे ना."

"कर म्हणावं," हौसाबाई म्हणाली, आणि एक पाकळी सालीसकट वाटीत टाकली.

काल्हेरला त्यांच्या भावकीत हळदीच्या दिवशी दोन जागी चुली पेटतात. मांडवामागे गावजेवणाचे मोठे टोप चढतात. ते पुरुषांचं काम, तिथे आरडाओरडा फार आणि कौतुक त्याहून जास्त. घरात मात्र एकच टोप चढतो, देवाचा. तो घरातल्या थोरलीने करायचा. आणि त्यातलं, देवापुढे पान ठेवल्याशिवाय, कोणी चाखायचं नाही. बोटाला लागलं तर बोट धुवायचं. तिखट, मीठ, सगळं हाताच्या अंदाजाने. देवानंतर पहिलं पान मामाचं, मग नवरदेवाचं, मग भावकीतल्या म्हाताऱ्यांचं. म्हणजे चुकलं तर आधी देवाला कळतं आणि लगेच गावाला. सासू गेल्यापासून हा टोप हौसाबाईचा होता. थोरल्या हितेशच्या लग्नात तिनेच केला, पुतण्यांच्या, भाच्यांच्या लग्नांत तिनेच केला, आणि एकदाही कोणी मिठाचं नाव काढलं नव्हतं.

आता ही चव म्हणे काकीची.

चव काकीची असणारच. भाविक लहान होता तेव्हा शेतं जाऊन तिथे गोडाउनं उभी राहत होती. काळूराम, तिचा नवरा, भला माणूस. कोणीही यावं आणि त्याच्याकडून वायदा करून घेऊन जावं. म्हणून फाटकाशी खुर्ची टाकून बसली ती हौसाबाई. दुसरीतून शाळा सुटलेली, पण कोणत्या गाळ्याची कोणती चावी हे अंधारात हाताने सांगणारी. दिवसभर उन्हात, धुळीत, ड्रायव्हर लोकांची 'अम्मा' होऊन. पोरगं शाळेतून यायचं ते थेट शेजारी, एका भिंतीआडच्या आक्काकडे. आक्का तिच्या मेलेल्या दिराची, बाळारामची बायको. सडपातळ, हळू बोलणारी, हळू चालणारी, कुणाला कधी उलट शब्द न बोलणारी. हौसाबाईच्या मते असं कोणी खरं नसतं. आक्काला पोटचं नव्हतं. हे हौसाबाईने तिच्या तोंडावर कधी काढलं नाही, आणि काढलं नाही याचा तिला फार अभिमान होता. मनात मात्र रोज काढायची.

उन्हात मी भाजले, चव हिची. घर मी उभं केलं, घरपण हिचं.

रात्रीच्या जेवणाला तिने नवऱ्यासमोर विषय काढला. काळूराम भात कालवत म्हणाला, "दोगी मिळून करा. त्यात काय एवढं."

"तुमी दोन ड्रायव्हर एका ट्रकवर बसवता का?"

"बसवतो की. लांबच्या पल्ल्याला."

यावर तिने त्याला दुसऱ्यांदा कालवण वाढलं नाही.

पण ठरलं तसंच. टोप हौसाबाईच्या स्वयंपाकघरात चढणार, वाटण हौसाबाईचं, फोडणी हौसाबाईची. मटण धुऊन, मुरवून, पुढे शिजवणं आक्काचं. थोरली सून मृणाली, हितेशची बायको, कम्प्युटरचं काम करते. ठाण्याच्या एका कंपनीसाठी घरी बसूनच प्रोग्रॅम लिहिते. तिने दोघींना समोर बसवून सगळं विचारून घेतलं. तिला सगळं आधी विचारून घ्यायची खोडच आहे.

"आणि मीठ कोण घालणार?"

"घालू," हौसाबाई म्हणाली.

"घालू की," आक्का म्हणाली.

मृणालीने दोघींकडे पाहिलं. विचारलेल्याचं उत्तर मिळालं नव्हतं, हे तिला कळलं. पण दोघी सासवांपुढे तेच पुन्हा विचारायचं धाडस तिला झालं नाही. मीठ तू घाल, असं जी म्हणेल तिचा टोपावरचा हक्क गेला, हे दोघींना न बोलता ठाऊक होतं. मी घालते, असं म्हणणं म्हणजे दुसरीला बाहेर काढणं. सणासुदीला एवढा उघडा वाईटपणा कोण घेणार. तेव्हा मीठ तसंच अधांतरी राहिलं.

हळदीच्या दिवशी सकाळपासून घरात पाय ठेवायला जागा नव्हती. बाहेर मांडवात स्पीकर लागला होता. हौसाबाईने वाटण घातलं, फोडणी दिली, तेल सुटेपर्यंत स्वतः हलवलं आणि मग पळी आक्काच्या हातात न देता टोपाच्या काठावर आडवी ठेवून बाजूला झाली. आक्काने ती काठावरूनच उचलली. तेवढ्यात अनंतामामा आल्याची वर्दी आली. अनंता म्हणजे हौसाबाईचा पाठचा भाऊ, नवरदेवाचा मामा, आजच्या दिवसाचा मानाचा पाहुणा. हौसाबाई आरतीचं ताट घेऊन दारात गेली. ओवाळलं, पाणी दिलं, भावजयीच्या नव्या पाटल्या नीट बघून घेतल्या, आणि मागे फिरली.

स्वयंपाकघराच्या दारात तिचे पाय थांबले.

आक्का पाठमोरी टोपाशी उभी होती. डाव्या हाताने झाकण उचललेलं. उजव्या हाताची मूठ मिठाच्या बरणीतून वर आली, टोपावर गेली, आणि उघडत उघडत गोल फिरली. अगदी हळू, जसं तिचं सगळंच हळू असतं. मग झाकण ठेवून ती मागच्या दाराने कोथिंबीर आणायला बाहेर गेली.

मीठ पडलं. हौसाबाईने ते पडताना पाहिलं. आता तिला करण्यासारखं काही उरलं नव्हतं. कोथिंबीर पडली की टोप उतरवायचा, एवढंच.

तेवढ्यात मांडवातून भाविकचा आवाज आला. "काकी, झालं का ग? मामा भुकेलेत."

काकी. आई नाही.

हौसाबाई आत गेली. झाकण उचललं. वाफ तोंडावर आली, आणि जीभ कापली असती तरी तिने हे मान्य केलं नसतं, पण त्या वासात कुठे काही कमी नव्हतं. तिने बरणीत हात घातला आणि मूठ भरली. तिची मूठ आक्कापेक्षा चांगलीच मोठी. चाव्यांचे जुडगे वागवून झालेली. ती मूठ तिने टोपावर नेली आणि एका जागी उघडली. पळीने दोनदा ढवळलं, झाकण ठेवलं, बेसिनवर हात धुतला, आणि मांडवात येऊन पत्रावळी नीट करत बसली. चेहरा तिने फाटकावरचा लावला होता, भाडेकरूला दाखवायचा.

देवापुढे पान ठेवून झालं. मग अनंताचं पान वाढलं. सगळी भावकी बघत होती. मामाने पहिला घास घ्यायचा आणि मान डोलवायची, मग बाकीच्यांनी हात घालायचा. अनंताने भाकरीचा तुकडा मोडला, रश्श्यात बुडवला, तोंडात टाकला. मान डोलली नाही. दुसरा घास घेतला, जणू पहिल्यावर अन्याय नको. मग पाण्याचा तांब्या उचलला आणि निम्मा संपवला.

"हौसे," तो म्हणाला, "खाडी उपसून घातलीस काय गो टोपान?"

भाविकने आपल्या पानातला घास खाल्ला आणि आक्काकडे पाहिलं. ते पाहणं हौसाबाईने पाहिलं. कोपऱ्यातून एक म्हातारी दुसरीला म्हणाली, "औंदा टोप आक्कानं केलाय." दुसरी म्हणाली, "तरीच."

त्या 'तरीच'ने हौसाबाईच्या पोटात असं गार वाटलं, जसं उन्हातून आल्यावर कोणी ताकाचा पेला हातात द्यावा.

काळूराम कधी नाही तो तापला. भावासारख्या मेव्हण्याचं पान खारट झालेलं. "मीठ कोनी घातला?"

"मी घातलं," आक्का म्हणाली. मान खाली नाही, आवाज वर नाही.

गोष्ट इथे संपली असती आणि हौसाबाईला हवी तशी संपली असती. पण मृणाली भाकऱ्यांची टोपली घेऊन उभी होती आणि तिला सगळं विचारायची खोड. "आई, तुम्ही पण घातलंत ना? तुम्ही हात धुतलात तिथे बेसिनला मीठ चिकटलं होतं, मीच पुसलं आत्ता."

सगळी तोंडं वळली. हौसाबाईला एक क्षण लागला, जास्त नाही. "घातला की. टोप माजा न्हाय का? ही आधीच घालून बसलीय हे मना कोनी सांगितला?"

मृणालीच्या चेहऱ्यावरचा ताण उतरला आणि ती चक्क हसली. "अहो, मग ही तर रेस कंडिशन झाली."

"काय झाली?" अनंताने विचारलं.

"रेस कंडिशन, मामा. आमच्या प्रोग्रॅमिंगमधला शब्द आहे. आमच्याकडे गेल्याच आठवड्यात झाली. स्टॉकमध्ये शेवटचा एकच मिक्सर राहिला होता. दोन गिऱ्हाइकांनी एकाच वेळी बटण दाबलं. पहिल्याच्या ऑर्डरने बघितलं, मिक्सर आहे का? आहे. दुसऱ्याच्या ऑर्डरनेही तेव्हाच बघितलं. आहे. दोघांनाही विकून टाकला."

"एकच मिक्सर?"

"एकच. म्हणजे बघा, दोन कामं एकाच गोष्टीवर चालू असतात. दोघंही आधी बघतात, नीट बघतात. पण एकाने बघितल्यापासून करेपर्यंत जो वेळ जातो ना, त्यात दुसराही बघून घेतो. मग दोघंही करतात. ज्याचं त्याचं बरोबर, एकत्र आलं की घोटाळा. आणि रोज होत नाही. जरा पुढेमागे झालं की काहीच होत नाही. म्हणून पकडायला फार अवघड."

अनंता घास विसरला. "पोरी, हे माजे घरी झालाय. मी सकाळी गाळा एका सूतवाल्याला बोललो. तिकडं पोरानं तोच गाळा कुरियरवाल्याला बोलला. दोगांनी बगितला, गाळा खाली हाय. दोगं आपापलं कुलूप घेऊन दारान हजर. अर्धा दिस भांडनान गेला."

"तेच मामा. अगदी तेच."

"मग चूक कोनाची?"

"कोणाचीच नाही. पद्धतीची."

"आनि मी अजून पोराला शिव्या देतोय," अनंता म्हणाला, आणि मांडव हसला. काळूरामचा राग त्या हसण्यात विरला. कोणीतरी विचारलं, मग यावर उपाय काय.

"लॉक," मृणाली म्हणाली. "जो आधी येईल त्याने लॉक घ्यायचा. त्याचं काम होईपर्यंत दुसऱ्याने हात लावायचा नाही, नुसतं थांबायचं. झालं की त्याने सोडायचा, मग दुसरा बघेल."

"म्हंजे चावी," हौसाबाई म्हणाली. चावीचं तिला लगेच कळायचं. "थोरली असंल तरी तिनं थांबायचं?"

"लॉकला थोरली-धाकटी कळत नाही, आई."

"आनि पयलीनं सोडलाच न्हाय तर?"

"तर बाकीचे तसेच ताटकळतात. आणि दोघी एकमेकींचं धरून बसल्या, ही म्हणते तू आधी सोड, ती म्हणते तू, की त्याला डेडलॉक म्हणतात. मग काहीच हलत नाही."

"त्याला आमी भावकी म्हनतो," काळूराम म्हणाला.

त्या हशातच आक्का उठली होती. तिने बटाटे चिरून टोपात टाकले, नारळाचं दूध घातलं, आणि पुन्हा वाढलं तेव्हा अनंताने मान डोलवली. दिवसभर मग तो शब्द मांडवात फिरत राहिला. दोघांनी एकाच पेल्यात सरबत ओतलं, रेस कंडिशन झाली. दारात दोन बायका एकमेकींवर आदळल्या, कोणी म्हणालं, रेस कंडिशन. तेव्हा मृणालीने जाता जाता सुधारलं, "ती नुसती टक्कर. आधी बघणं लागतं, आणि बघितलेलं जुनं होणं लागतं." बाकीच्यांनी ते सोडून दिलं. हौसाबाईने नाही. त्या शब्दाचं माप त्या मांडवात तिच्याइतकं कोणालाच कळलं नव्हतं. सगळे तो अंगावर घेऊन मिरवत होते. तिला एकटीला माहीत होतं की तो तिच्या मापाचा नाही.

आणि त्याहून वाईट म्हणजे, त्या शब्दाने आक्काला सोडवलं होतं. दोघींचं बरोबर, दोघींचं चूक, दोघी सारख्या. हळद लावताना भाविक पिवळ्या हातांनी दोघींच्या खांद्यांवर हात टाकून फोटोला उभा राहिला. "ही दोन गिऱ्हाइकं, आणि मी एकच मिक्सर," तो म्हणाला. हौसाबाईने फोटोत दात दाखवले. यासाठी काही तिने मीठ वाया घालवलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी, वऱ्हाड निघायच्या आधी, आक्का मागच्या अंगणात देवाचा टोप घासत बसली होती. हा टोप मोलकरणीला द्यायचा नसतो. हौसाबाई दारात उभी राहिली. नुसती उभी राहण्याचा तिचा इरादा होता, पण तोंड हे तिचं नेहमीच तिच्या पुढे चालतं.

"घास नीट. मीठ धरला असंल बुडाला."

"धरलाय खरा," आक्का म्हणाली. "तुमची मूठ मोठी हाय, जाऊबाय."

हौसाबाईने पदर कमरेला खोचला.

"झाकण तिरपं ऱ्हायलं असं वाटला म्हनून मी परत वळले व्हते," आक्का घासता घासता म्हणाली. "तुमी टोपाशी व्हतात. त्याच्या आधी दारान व्हतात, ते पन दिसला. काचेन."

मागच्या दाराला काच होती. ती हौसाबाईनेच बसवून घेतली होती, स्वयंपाकघरात उजेड यावा म्हणून.

"मग तवाच का न्हाय बोललीस?"

"भाविकची हळद व्हती." आक्काने पाणी ओतलं. "नि देवाच्या टोपावर भांडायचं काय."

बास, एवढंच. ना टोमणा, ना रडू, ना 'बघा तुम्ही काय केलंत'. हौसाबाईला वाटलं, हिने एक तरी शिवी द्यावी. शिवीला उत्तर होतं तिच्याकडे, भरपूर होती उत्तरं. पण ही आपली टोप उपडा करून ठेवते आणि पदराला हात पुसते. चांगलं वागणंसुद्धा या बाईने दुसऱ्या कोणासाठी शिल्लक ठेवलेलं नव्हतं.

ती तडक मृणालीच्या खोलीत गेली. मृणाली आरशासमोर नऊवारीच्या निऱ्यांशी झगडत होती.

"तुजा तो कालचा शब्द."

"रेस कंडिशन?"

"दोगींनी एकमेकींना घालताना बगितला नसंल तर ती. एकीनं बगितला असंल, दुसरीनं घातलाय हे म्हायती असंल, आनि तरी घातला. तर?"

मृणालीच्या हातातल्या निऱ्या सुटल्या. ती आरशातूनच सासूकडे बघत राहिली. "तर मग तिला रेस कंडिशन नाही म्हणता येत, आई."

"मग काय म्हनायचं?"

"मुद्दाम केलं तर..." ती अडखळली. "त्याला आम्ही अटॅक म्हणतो. हल्ला."

"हां," हौसाबाई म्हणाली. हे माप बरोबर बसलं.

"पण कोण विचारतंय आता? सगळ्यांना पटलंय ना. राहू दे की."

"निऱ्या डावीकडं ने," हौसाबाई म्हणाली आणि बाहेर पडली.

भाविक ओटीवर पाटावर बसला होता, मुंडावळ्या बांधलेल्या, उपरण्याला अजून घडी. तिला बघून तो उठला आणि तिचे दोन्ही हात धरले. त्याचे डोळे भरलेले होते. लग्नाच्या दिवशी पोरं रडतात, तिला वाटलं तेच असेल.

"आई, काकीने सांगितलं मला काल. तीच विसरली आणि दोनदा मीठ घातलं. तू घातलंच नव्हतंस. तिला सगळ्यांसमोर ऐकून घ्यावं लागू नये म्हणून तू म्हणालीस की मीही घातलं." त्याने नाक ओढलं. "मला वाटायचं तुला काकी आवडत नाही. मी किती वेडा आहे. आई, मला माहीतच नव्हतं तू एवढी मोठी आहेस ते."

जे ऐकायला हौसाबाई इतकी वर्षं कान लावून होती, ते तिच्या समोर, तिच्या पोराच्या तोंडून, भरल्या डोळ्यांनी आलं होतं. घ्यायचं आणि गप्प बसायचं. मृणाली बोलणार नव्हती. आक्का तर मरेपर्यंत बोलली नसती, आणि घोटाळा तिथेच होता. हे तिने दिलं होतं. शेजारणीने वाटी भरून कालवण द्यावं तसं, वर झाकण ठेवून, भिंतीपलीकडून. आणि ती मेली तरी ही वाटी हौसाबाईच्या घरात राहणार होती.

मांडवातून अनंताची हाक आली, निघा आता, मुहूर्त चुकेल. आक्का अक्षतांचं ताट घेऊन ओटीवर आली. तिने भाविकचा चेहरा पाहिला, मग हौसाबाईचा, आणि काय बोलणं झालं ते तिला कळलं. तिने अगदी थोडी मान हलवली. नको, असं.

त्या 'नको'नेच काम केलं.

"खोटं बोलते ती," हौसाबाई म्हणाली.

"आई?"

"तिनं एकदाच घातला. बरोबर घातला. मी दारान उभी राहून बगितला, आनि मग वरून माजी मूठ घातली. बगून घातली. तुजी ती रेस न् फेस न्हाय झाली. मृणालीला विचार, त्याला दुसरा शब्द हाय."

भाविकने तिचे हात सोडले नाहीत, पण त्याची पकड सैल झाली. "का?"

"तू टोप तिला दिलास. आनि मांडवातून हाक मारलीस ती पन तिलाच."

तो आक्काकडे बघायला लागला तशी हौसाबाईने त्याची हनुवटी धरून तोंड आपल्याकडे वळवलं. "तिच्याकडं काय बगतोस? मीठ माजा हाय. ते बी तिला देतोस काय?"

बाहेर बेंजो वाजायला लागला. अनंता पुन्हा ओरडला. भाविकच्या गालांवर हळद अजून होती आणि त्यातून पाण्याची एक रेघ उतरली होती. तो हसतोय की रडतोय ते त्यालाही ठरवता येत नसावं. "आई, तू ना," एवढंच तो म्हणाला. तिच्यावर रागावला होता तो. खरा रागावला होता, लहानपणी आक्काच्या घरून ओढून आणल्यावर रागवायचा तसा. हौसाबाईला तो राग चालला. राग तरी सगळा तिचा होता, त्यात कोणाची वाटी नव्हती.

निघताना मोठ्यांच्या पाया पडायचं. तो वाकायला लागला तशी हौसाबाई मागे सरली.

"आधी तिच्या पड."

"थोरलीच्या आधी पडायचं असता," आक्का म्हणाली.

"तू गप बस. पड रं तिच्या." आणि तो आक्काच्या पायाशी वाकलेला असताना ती पुढे म्हणाली, "माज्या शेवटी पड. वाटेत डोक्यावर माजाच हात ऱ्हायला पायजे."

तेव्हा आक्का हसली. पदर तोंडाला न लावता, मोकळी हसली, आणि हौसाबाई आशीर्वादाला हात उचलता उचलता तिच्याकडे बघतच राहिली. या वयात हिचे सगळे दात शाबूत, ते कसे काय?